दुष्काळात तेरावा महिना

मंडळी, इतिहास म्हटला की आपल्यापुढे राजे, लढाया आणि तह उभे राहतात. लातूर-नांदेडकडच्या खेडुतांचा इतिहास मात्र ताम्रपटावर फारसा सापडत नाही. तो त्यांच्या जिभेवर राहिला आहे. आणि नवल असे, की त्यातला सर्वांत दुःखाचा भाग त्यांनी हसत हसत सांगून ठेवला आहे. आज या हसण्याचा थोडा विचार करू.

‘दुष्काळात तेरावा महिना’ ही म्हण आपण उठताबसता वापरतो. तिचे मर्म नीट पाहा. चांद्रवर्ष सुमारे ३५४ दिवसांचे आणि सौरवर्ष ३६५ दिवसांचे. दरवर्षी पडणारा हा अकरा दिवसांचा फरक मिटवण्यासाठी पंचांग दर ३२-३३ महिन्यांनी एक अधिक महिना घालते. १९ वर्षांत असे ७ महिने येतात. शास्त्राचा हिशेब चोख आहे. पण कणगीतल्या ज्वारीचा हिशेब निराळा! बारा महिन्यांचे धान्य आठ महिन्यांत सरलेल्या घरात भटजीबुवा पंचांग उघडून सांगतात, यंदाचं वर्ष तेरा महिन्यांचं आहे बरं का. पाडव्यापासून पाडव्यापर्यंत राबणाऱ्या सालगड्यालाही विचारा. तेरा महिने झाले तरी त्याचे साल एकच. ज्या कोणा अनामिकाने ही म्हण पहिल्यांदा उच्चारली, त्याने रडत बसण्याऐवजी थेट आभाळालाच टोमणा मारला.

ही म्हण नुसती अलंकारिक राहिली नाही. १९७२ चा दुष्काळ घ्या. त्या शके १८९४ मध्ये खरोखरच अधिक वैशाख होता, आणि पुढे पावसाने पाठ फिरवली. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातच होते. त्याचा वेगळा जिल्हा झाला तो १९८२ साली. बागायतदारही खडी फोडायला बसले, बायाबापड्यांनी बंधाऱ्यांची माती वाहिली. रेशनवर परदेशची तांबडी ‘मिलो’ ज्वारी आली, कामावर ‘सुकडी’ मिळू लागली. त्या अनुभवातूनच १९७७ चा रोजगार हमी कायदा उभा राहिला. पुढे शके १९१५ मध्ये अधिक भाद्रपद आला आणि त्याच वर्षी, ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, किल्लारीचा भूकंप झाला. शके १९३७ मध्ये अधिक आषाढ होता. त्या वर्षी पाऊस बुडाला, मांजरा धरण आटले, आणि एप्रिल २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले. पहिल्या गाडीला दहा टाक्या होत्या, आणि त्यांत सुमारे पाच लाख लिटर पाणी. त्याआधी मार्चमध्ये पाण्याच्या टाक्यांभोवती गर्दी होऊ नये म्हणून जमावबंदी लावावी लागली होती. तहानलेल्यांनी पाच जणांत मिसळू नये, हा हुकूम वाचून हसावे की रडावे?

येथे शिक्षक बंधुभगिनींनी मुलांना एक गोष्ट आवर्जून सांगावी. अधिक मास आला म्हणून आपत्ती आली, असे कोणी समजू नये. जो महिना दर पावणेतीन वर्षांनी येतो तो सुकाळातही येतो. आपल्याला आठवतो फक्त दुष्काळातला. म्हण हे भविष्य नसते, तो अनुभवाचा शेरा असतो.

हसण्याची ही रीत आपल्याकडे मरणाच्या दारापर्यंत पोहोचलेली आहे. अग्नी दिल्यावर मडके फोडून कर्ता पालथ्या हाताने बोंब मारतो. तीच बोंब शिमग्याला पोरे मजेने मारतात. ‘म्हातारी मेल्याचं दुःख नाही, पण काळ सोकावतो’ ही म्हण घ्या. वरवर निर्दय वाटते. पण बारकाईने पाहा, ती म्हातारीला हसत नाही. मरणाला घराची वाट माहीत झाली, या भीतीला हसते. ‘मेल्या म्हशीला मणभर दूध’ ही म्हण तर शोकसभेत बसूनच सुचली असावी.

हे केवळ आपल्याकडेच घडते असे नाही. जर्मन भाषेत अशा हसण्याला ‘फाशीच्या खांबाचा विनोद’ म्हणतात. फ्रॉइड या मानसशास्त्रज्ञाने त्याचा एक दाखला दिला आहे: सोमवारी फासावर नेला जाणारा कैदी म्हणतो, आठवड्याची सुरुवात तर झकास झाली! फ्रॉइडचे म्हणणे असे, की असा माणूस परिस्थितीपुढे हरत असतानाही मनाने हार मानत नाही. नाझी छळछावण्यांतून वाचलेल्या व्हिक्टर फ्रँकल या डॉक्टरने आपल्या सोबत्याबरोबर करार केला होता, की सुटकेनंतर घडू शकेल असा एक तरी गमतीचा प्रसंग रोज रचायचा. भाकरीचा तुकडा नसला तरी तेवढा एक विनोद त्यांच्या मालकीचा होता.

पण या हसण्याला मर्यादा आहे, आणि ती ओळखणे हेच शहाणपण. ‘घर फिरलं की घराचे वासेही फिरतात’ ही म्हण एरवी आपण सहज बोलून जातो. किल्लारीच्या पहाटे दगड-मातीच्या जाड भिंती आणि माळवदाचे मणामणांचे ओझे खरोखरच झोपलेल्या माणसांवर आले. आदल्या रात्री गणपती विसर्जन करून गावे निजली होती. हजारो माणसे उठलीच नाहीत. त्या ढिगाऱ्यापुढे पाहुण्याने ही म्हण उच्चारली तर ती क्रूरता होईल. ज्याचे घर पडले त्यानेच ती उच्चारली तर ती हिंमत होय. शब्द तेच, बोलणारा कोण, यावर सगळे अवलंबून आहे.

आणखी एक. हसल्याने पाऊस पडत नाही, कर्ज फिटत नाही. ‘काळ सोकावतो’ म्हणून जो हसला, त्याने काळाची वाट अडवण्याचेही बघितले पाहिजे: घर भूकंप सोसेल असे बांधावे, शिवारात पाणी अडवावे. आपल्या मराठवाड्यात कर्जाने आणि नापिकीने गांजलेल्या शेतकऱ्यांनी जीव दिल्याच्या बातम्या आपण वाचल्या आहेत. पारावर चारचौघांत जो दुष्काळाला हसतो, त्याच्या बरोबर हसा. मात्र जो एकटाच राहू लागला आणि फक्त आपल्याच मरणाचे विनोद करू लागला, त्याच्या हसण्याकडे कान द्या. त्याच्या घरी जा, शेजारी बसा, सरळ विचारा, “दादा, काय चाललंय मनात?” तिथे विनोदाचे काम संपते आणि शेजाऱ्याचे सुरू होते.

शेवटी गुरुजनांना एक विनंती. ज्यांनी १९७२ पाहिले ती माणसे आता थकली आहेत. मुलांना वही देऊन त्यांच्याकडे धाडा. काय खाल्ले, कुठे खडी फोडली हे तर विचाराच. पण तेव्हा हसलात कशाला, हेही विचारायला सांगा. दुष्काळात किती पाऊस पडला ते सरकारी दप्तरात सापडेल. माणसे तगली कशी, याचे उत्तर मात्र त्या वहीत सापडेल.