'आहे' की 'होता'? : झेड ८५.११८ ची गोष्ट



आमच्याकडे 'कोडिंग' म्हटलं की जावा नाहीतर एसक्यूएल. पण अमेरिकेत आणखी एक कोडिंग असतं, मेडिकल कोडिंग, आणि त्याच्याशी गाठ पडली ती डेव्हन ॲव्हेन्यूवर चहा पिताना.

२०२३ च्या ऑक्टोबरात बाबा सांगलीहून आमच्याकडे आले होते. २०१६ साली मुंबईत त्यांच्या डाव्या फुफ्फुसाचा खालचा भाग काढला, मग केमोच्या चार सायकल झाल्या, २०१७ मध्ये उपचार संपले. तेव्हापासून दर वर्षीची तपासणी स्वच्छ. इथे थंडी सुरू झाली आणि खोकला लागला. एका अर्जंट केअरमध्ये नेलं. एक्स-रे चांगला आला, डॉक्टर म्हणाले ब्राँकायटिस, औषध दिलं. येताना डेव्हनवर भाजी, पोहे वगैरे घ्यायला थांबलो.

बाबा एमएसईबीतून रिटायर झालेले. हातात आलेला प्रत्येक कागद शेवटच्या ओळीपर्यंत वाचायची जुनी सवय. चहा येईपर्यंत त्यांनी खिशातून क्लिनिकचा कागद काढला. निदानाच्या रकान्यात पहिलीच ओळ होती, 'मॅलिग्नंट निओप्लाझम ऑफ लंग', आणि पुढे सी ३४ चा कोड.

"अरे, हे परत आलं का? तू मला सांगत नाहीयेस का?"

मी समजावलं, त्यांनी मान डोलावली, पण चहा तसाच राहिला. रात्री दोन वाजता हॉलमधला दिवा चालू दिसला. तीन आठवड्यांनी व्हिजिटर इन्शुरन्सचं पत्र आलं: आजार आधीपासूनचा आहे, क्लेम नामंजूर.

गंमत म्हणजे हे कोड मला पाठ होते. २०१४-१५ मध्ये मी ज्या प्रोजेक्टवर होतो त्यात जुने आयसीडी-९ चे कोड आयसीडी-१० मध्ये न्यायचं काम होतं. १ ऑक्टोबर २०१५ ला सगळी अमेरिका बदलली. सुमारे १४ हजार निदान-कोडांचे सुमारे ६८ हजार झाले. त्यातली 'व्ही १०.११ चं झेड ८५.११८' ही माझ्या टेबलातली एक ओळ होती. ती ओळ म्हणजे एक माणूस असतो, हे तेव्हा कधी डोक्यात आलं नाही.

फरक असा. सी ३४ म्हणजे फुफ्फुसाचा कॅन्सर आज आहे. झेड ८५.११८ म्हणजे होऊन गेला. (कार्सिनॉइड प्रकारच्या गाठीसाठी झेड ८५.११० वेगळा.) नियम साधा आहे: मूळ गाठ काढून टाकली किंवा नष्ट झाली, त्या जागेवर आता कुठलाही उपचार चालू नाही आणि रोगाचा पुरावा नाही, तर झेड ८५. ऑपरेशन झालं पण केमो अजून चालू आहे, तर सी ३४ च. पुष्कळांना वाटतं पाच वर्षं झाली की 'हिस्टरी' होते. नियमात वर्षं नाहीत, उपचार चालू आहेत की संपले एवढंच आहे.

आता थोडं मागे जाऊ, कारण ही सगळी भानगड आपल्या शिकागोशी जोडलेली आहे. १८९३ आणि शिकागो म्हटलं की आपल्याला विवेकानंद आठवतात. डेव्हनपासून बऱ्याच दक्षिणेला, जॅक्सन पार्कात, त्या वर्षी मोठं जागतिक प्रदर्शन भरलं होतं. त्याच वर्षी याच शहरात इंटरनॅशनल स्टॅटिस्टिकल इन्स्टिट्यूटची बैठक झाली. पॅरिस शहराच्या आकडेवारी खात्याचे प्रमुख जाक बर्टिलाँ यांनी तिथे मृत्यूच्या कारणांची एक यादी मांडली आणि ती स्वीकारली गेली. (गुन्हेगारांच्या शरीराची मापं घेऊन त्यांना ओळखायची पद्धत काढणारा अल्फोन्स बर्टिलाँ हा त्यांचा भाऊ. घराण्यालाच वर्गीकरणाचं वेड!) यादी तीन आकारांत होती, सर्वात मोठीत १६१ नावं. आजच्या आयसीडीचा पणजोबा तो हा.

लक्षात घ्या, ती यादी मेलेल्यांची होती. माणूस कशाने गेला एवढंच तिला विचारायचं होतं. 'झाला होता, बरा झाला' याला मृत्यूच्या यादीत जागा असणार कुठून?

फुफ्फुसाच्या कॅन्सरच्या बाबतीत तर तो प्रश्नच नव्हता. १९१२ साली न्यूयॉर्कच्या आयझॅक ॲडलर यांनी या आजारावर पुस्तक लिहिलं तेव्हा तो दुर्मिळ समजला जाई. १९३३ मध्ये सेंट लुईसला इव्हार्ट्स ग्रॅहॅम या सर्जननी कॅन्सरसाठी एका पेशंटचं अख्खं फुफ्फुस एकाच ऑपरेशनमध्ये काढलं, आणि पेशंट जगला. तो स्वतः डॉक्टर होता आणि पुढे जवळजवळ ३० वर्षं जगला. १९५० मध्ये ग्रॅहॅम यांनी अर्न्स्ट विंडर यांच्याबरोबर सिगरेट आणि फुफ्फुसाच्या कॅन्सरचा संबंध दाखवणारा पेपर लिहिला, आणि १९५७ मध्ये ते स्वतः त्याच आजाराने गेले. पेशंट मागे राहिला. 'होऊन गेला' हा शब्द लावता येईल असा माणूस आता अस्तित्वात होता.

१९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने सहावी आवृत्ती काढली आणि यादीत मृत्यूबरोबर आजारही घेतले. १९७९ पासून अमेरिकेत आयसीडी-९-सीएम आलं, त्यात आपला व्ही १०.११ होता. १९८३ पासून मेडिकेअर हॉस्पिटलला निदानाच्या गटाप्रमाणे पैसे देऊ लागलं आणि कोड म्हणजे पैसे हे समीकरण पक्कं झालं. मोजण्यासाठी बनवलेली यादी बिलाची यादी झाली. तेव्हापासून एक कोड चुकला की नुसती आकडेवारी चुकत नाही, कुणाचा तरी क्लेम बुडतो.

तर बाबांचं पुढे काय झालं? मी क्लिनिकच्या बिलिंगला फोन केला. बाई समजूतदार होत्या. डॉक्टरांनी 'हिस्टरी ऑफ लंग कॅन्सर' असंच लिहिलं होतं, पण कधी, उपचार संपले का, याचा उल्लेख नव्हता. सॉफ्टवेअरमध्ये शोधल्यावर जे पहिलं वर आलं ते निवडलं गेलं. (अशी ड्रॉपडाऊन लिस्ट मीही बनवलेली आहे, तेव्हा कुणाला काय बोलणार?) मी मुंबईचा डिस्चार्ज पाठवला, डॉक्टरांनी नोंदीत भर घातली. कोड बदलले: आधी ब्राँकायटिसचा जे २०.९, मग झेड ८५.११८, आणि फुफ्फुसाचा भाग काढल्याचा झेड ९०.२. क्लेम पुन्हा गेला आणि दोन महिन्यांनी डिडक्टिबल कापून पैसे आले.

आई-वडिलांना बोलावणार असाल तर एवढं करा. ऑपरेशनची आणि शेवटच्या केमोची तारीख असलेला कागद जवळ ठेवा. 'उपचार संपले, आता रोग नाही' हे डॉक्टरांना नोंदीत लिहायला सांगा. काउंटर सोडण्याआधी निदानाची ओळ वाचा. आणि उलटही करू नका, म्हणजे क्लेमच्या भीतीने आजार लपवू नका. उपचारांनंतरच्या तपासणीसाठी झेड ०८ बरोबर हाच झेड ८५ लागतो, आणि पुढच्या डॉक्टरला काय शोधायचं ते त्यावरूनच कळतं.

दुरुस्त झालेला कागद मी बाबांना प्रिंट करून दिला. त्यांनी चष्मा लावून पूर्ण वाचला.

"या झेडचा अर्थ काय?"

"होऊन गेला."

"मग तसं लिहायला त्यांना काय झालं होतं?" म्हणाले, आणि कागद घडी घालून सांगलीला न्यायच्या फाईलमध्ये ठेवला.

असो, फार लांबलं. चूभूद्याघ्या.

आपला,
(सध्या शिकागोकर) सांगलीकर