कॅमेरा घडवणारा चित्रकार

जॉर्ज मेलिएस हा मूळचा पॅरिसचा जादूगार. १८९५ साली लुमिएर बंधूंची हलती चित्रे पाहून त्याने ते यंत्र विकत मागितले, पण नकार मिळाला. मग लंडनहून प्रोजेक्टर आणून त्यावरून त्याने स्वतःच कॅमेरा तयार केला. कथा, नेपथ्य, अभिनय, दिग्दर्शन असे सारे स्वतः सांभाळून त्याने सुमारे पाचशे चित्रपट काढले.

असाच एक हरहुन्नरी माणूस कोल्हापुरात होऊन गेला. बाबूराव कृष्णराव मेस्त्री, म्हणजेच बाबूराव पेंटर. जन्म १८९०चा. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवण्यात त्यांचा आणि त्यांचे भाऊबंद आनंदराव यांचा हातखंडा होता. चित्रपटाच्या ओढीने दोघांनी कॅमेरा बनवण्याचा ध्यास घेतला. १९१६ मध्ये आनंदराव वारले. बाबूरावांनी हाती घेतलेले काम सोडले नाही. विष्णुपंत दामले यांच्या साथीने त्यांनी १९१८ मध्ये कॅमेरा पुरा केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी भांडवल दिले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

त्यांचा पहिला मूकपट ‘सैरंध्री’ १९२० मध्ये पुण्यात झळकला. तो पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. बाबूराव दृश्ये आधी कागदावर रेखाटत. पोशाख, नेपथ्य, जाहिरातींची भित्तिचित्रे, सगळ्यांवर त्यांचा हात फिरे. शिल्पकलाही त्यांना अवगत होती. ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाशात चित्रीकरण केले. दामले, फत्तेलाल, शांताराम ही पुढे ‘प्रभात’ उभारणारी माणसे याच कंपनीत तयार झाली.

पण त्यांची खरी झेप १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये दिसते. पुराणकथांचा जमाना असताना नारायण हरी आपटे यांच्या कथेवरून त्यांनी कर्जात जमीन गमावून शहरात मजुरीला जाणारा शेतकरी पडद्यावर आणला. ही भूमिका तरुण शांतारामांनी केली. सावकाराच्या वहीत शेत कसे बुडते, हे मराठवाड्याच्या माणसाला कोणी वेगळे सांगायला नको. तेव्हा आपले औरंगाबाद निजामाच्या राज्यात होते, तरी ती गोष्ट आपलीच होती.

दुर्दैव असे, की तो मूकपट आज पाहायला मिळत नाही. त्याची १९३६ मधील बोलती आवृत्ती हा स्वतंत्र चित्रपट. मूकपटांच्या काळात देशात सुमारे तेराशे चित्रपट निघाले. त्यांतले जेमतेम तीसएक शिल्लक आहेत, तेही बरेचसे तुकड्यांत. मेलिएसने १९२३ मध्ये निराशेच्या भरात आपल्या निगेटिव्ह स्वतःच्या हाताने जाळल्या आणि पुढे रेल्वे स्थानकावर खेळण्यांचे दुकान चालवले. तरीही त्याचे दोनशेहून अधिक चित्रपट शोधून काढले गेले, कारण शोधणारे लोक भेटले. आपल्याकडे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात १९६४ मध्ये सुरू झाले. बाबूराव १९५४ मध्येच गेले होते.

मागे राहिल्या त्या आठवणी, काही जाहिराती, पुस्तिका आणि छायाचित्रे. घरातल्या जुन्या ट्रंकेत किंवा बंद पडलेल्या चित्रपटगृहाच्या माळ्यावर असे काही सापडले, तर ते रद्दीत घालण्यापूर्वी एखाद्या जाणकाराला जरूर दाखवा. एका कलावंताच्या आयुष्याचे काम त्या कागदांत असू शकेल.