महानगरपालिकांतील अस्थायी कामगारांचा न्यायालयीन लढा : एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना :
रस्त्यांची झाडलोट, कचऱ्याची वाहतूक आणि उद्यानांची निगा ही नागरी जीवनातील बारमाही कामे होत. तथापि ती करणारा कामगार अनेक महानगरपालिकांत वर्षानुवर्षे रोजंदार, बदली अथवा कंत्राटी राहिला. काम कायमचे आणि कामगार मात्र तात्पुरता, या विसंगतीविरुद्ध झालेल्या न्यायालयीन लढ्याचा आढावा प्रस्तुत लेखात घेतला आहे.

कायद्याचे दोन मार्ग :
महाराष्ट्रात १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक कायद्याने कामगारांना महत्त्वाचे साधन दिले. कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने कामगारास वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे, ही या कायद्यानुसार अनुचित प्रथा ठरते. दुसरा मार्ग संविधानातील समानतेच्या तत्त्वावर आधारित रिट याचिकेचा होता. १० एप्रिल २००६ रोजी उमादेवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हा दुसरा मार्ग बराच अरुंद केला. नियमबाह्य भरतीतून आलेल्यास केवळ प्रदीर्घ सेवेच्या आधारे कायमपणाचा हक्क मिळत नाही, असे न्यायालयाने म्हटले. मंजूर पदांवर दहा वर्षे सेवा केलेल्या पात्र कर्मचाऱ्यांसाठी मात्र एकवेळची सवलत ठेवली.

या निर्णयाने कामगार कायद्याचा मार्गही बंद झाला काय, हा प्रश्न लगेच उपस्थित झाला. राज्य परिवहन महामंडळाच्या सफाई कामगारांच्या खटल्यात २००९ मध्ये त्याचे उत्तर मिळाले. पद अस्तित्वात असेल आणि अनुचित प्रथा सिद्ध झाली असेल, तर कायम करण्याचा आदेश देण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार अबाधित आहे, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने दिला.

मुंबई आणि गाझियाबाद :
मुंबईत कचरा वाहतूक श्रमिक संघाने सुमारे २,७०० कंत्राटी सफाई कामगारांचा प्रश्न औद्योगिक न्यायाधिकरणापुढे नेला. कंत्राट केवळ दिखाऊ असून खरा मालक महानगरपालिकाच आहे, हा या दाव्याचा गाभा होता. २०१४ मध्ये निवाडा कामगारांच्या बाजूने लागला. पुढे मुंबई उच्च न्यायालयाने आणि २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो उचलून धरला.

उत्तर प्रदेशातील गाझियाबाद नगर निगमच्या उद्यान विभागातील कामगारांना २००५ मध्ये कामावरून कमी करण्यात आले होते. ३१ जानेवारी २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांना पुन्हा कामावर घेण्याचा आणि निम्मे थकीत वेतन देण्याचा आदेश दिला. उमादेवी निर्णय ही शोषणाची ढाल होऊ शकत नाही, ही भूमिका त्यातून स्पष्ट झाली.

निष्कर्ष :
केवळ सेवेची वर्षे मोजून कामगार जिंकले नाहीत. कामाचे बारमाही स्वरूप आणि मालकाची अनुचित वागणूक सिद्ध झाली, तेथे कामगार कायदा त्यांच्या उपयोगी पडला. परंतु गाझियाबादच्या कामगारांची वीस वर्षे दाव्यातच गेली. न्यायदानास लागलेला हा काळ अखेर कामगाराच्या उमेदीच्या वर्षांतूनच वजा होतो. म्हणून कायमपणाचा प्रश्न न्यायालयाच्या पायरीवर जाण्यापूर्वी भरतीच्या टप्प्यावरच सोडविणे, ही स्थानिक स्वराज्य संस्थांची जबाबदारी ठरते.