चव्वेचाळीस कानांचं खलबत

'मंत्री' या शब्दाच्या पोटात 'मंत्र' आहे. जपाचा नव्हे, मसलतीचा. हा मंत्र सहा कानांवर गेला की फुटतो, असं जुने नीतिकार सांगून गेले, आणि त्यावरूनच आपण एखादी गोष्ट 'षट्कर्णी झाली' म्हणतो. सहा कान म्हणजे माणसं फक्त तीन. मग मे १९१५ मध्ये ब्रिटनचे पंतप्रधान ॲस्क्विथ यांनी ऐन महायुद्धात बनवलेल्या संयुक्त मंत्रिमंडळाचं काय व्हावं? त्यात बावीस जण होते!

इंग्रजीतलं 'कॅबिनेट' हे मूळचं फ्रेंच, अर्थ छोटी खोली. राजाने निवडक माणसांशी दार लावून बोलायची आतली खोली. पुढे खोलीचं नाव आत बसणाऱ्यांना चिकटलं. टीव्ही ठेवायचं कॅबिनेट हे त्याच घराण्यातलं. मराठीत याला चपखल शब्द होता: खलबतखाना. अरबी 'खल्वत' म्हणजे एकांत, त्याचं आपण 'खलबत' केलं. पण राज्यकारभाराच्या भाषेत आपण 'मंत्रिमंडळ' घेतलं आणि खलबतं विरोधकांना बहाल केली. मंत्री चर्चा करतात, खलबतं नेहमी दुसरेच करतात.

ॲस्क्विथ यांच्या खलबतखान्याचं दार मुळातच नीट लागत नव्हतं. आपल्याहून पस्तीस वर्षांनी लहान असलेल्या व्हेनिशिया स्टॅन्ली हिला ते युद्धाची गुपितं पत्रांतून कळवत, कधी कधी तर मंत्रिमंडळाची बैठक चालू असताना टेबलावरच लिहून. मे महिन्यात तिने लग्न ठरवल्याचं कळवलं, तेही मंत्रिमंडळातल्याच एडविन माँटेग्यूशी. होय, माँटेग्यू-चेम्सफर्ड सुधारणांमधले तेच माँटेग्यू. त्याच आठवड्यात तोफगोळ्यांच्या टंचाईचा बोभाटा झाला, दार्दानेल्सच्या मोहिमेवरून नौदलप्रमुख फिशर यांनी राजीनामा दिला, आणि ॲस्क्विथ यांना विरोधकांना आत घ्यावं लागलं.

अशा सरकारला इंग्रजीत 'कोअलिशन' म्हणतात. लॅटिन मुळात अर्थ आहे 'एकत्र वाढणं', मोडलेलं हाड जुळून येतं तसं. १९१५ च्या सरकारला हा शब्द फारच उदार वाटतो. हुजूर पक्षाने आत येण्यापूर्वी अट घातली की चर्चिल यांना नौदल खात्यातून काढा आणि हॉल्डेन नकोतच. हॉल्डेन यांचा गुन्हा काय, तर जर्मनीत शिकले होते. ॲस्क्विथ यांनी दोन्ही मान्य केलं आणि हुजूर पक्षाचे नेते बोनर लॉ यांना वसाहत खात्यावर बसवून बोळवण केली. खजिना ॲस्क्विथ यांच्या उदारमतवाद्यांकडेच राहिला. मला इथे आपला 'युती' अधिक खरा वाटतो. हा शब्द ज्योतिषातही आहे. युतीतले ग्रह एकमेकांना खेटलेले दिसतात ते पृथ्वीवरून. प्रत्यक्षात त्यांच्यात कोट्यवधी कोसांचं अंतर असतं.

एवढ्या कानांच्या मसलतीत काय ठरलं, याची नोंद मात्र कुणीच ठेवत नसे. पंतप्रधान बैठकीनंतर राजाला हाताने पत्र लिहीत, तेवढाच दस्तऐवज. डिसेंबर १९१६ मध्ये लॉईड जॉर्ज पंतप्रधान झाले. त्यांनी युद्धापुरतं पाच जणांचं मंडळ केलं आणि मॉरिस हँकी नावाच्या अधिकाऱ्याला वही घेऊन आत बसवलं. मंत्रिमंडळाची रीतसर टिपणं तेव्हापासूनची. हँकींच्या पदाला इंग्रजीत 'सेक्रेटरी' म्हणतात, म्हणजे मुळात गुपितं जपणारा. आपल्याकडे हे काम शिवकाळातच एका माणसाकडे होतं: अष्टप्रधानांतल्या 'मंत्री' या प्रधानाकडे. त्याची दुसरी ओळख 'वाकनीस', म्हणजे घडलेल्या गोष्टी लिहून ठेवणारा. आजच्या मंत्र्यांना कुणी वाकनीस म्हटलं तर बहुधा अपमान वाटेल.

ऑक्टोबर १९२२ मध्ये कार्लटन क्लबात हुजूर पक्षाच्या खासदारांनी कौल दिला आणि लॉईड जॉर्ज यांचं संयुक्त सरकार कोसळलं. नंतर पंतप्रधान झालेल्या बोनर लॉ यांनी त्यांची पुष्कळशी मांडणी मोडीत काढली, हँकींना मात्र ठेवून घेतलं. त्यांची वाकनिशी १९३८ पर्यंत चालली.