अर्थ कागदावर, उच्चार तोंडी

कोशात दुर्मिळ इंग्रजी शब्दापुढे अर्थ आणि उच्चार शेजारीशेजारी छापलेले असतात. वाचणाऱ्याला दोन्ही सारखेच पक्के वाटतात, पण ते तसे नसतात. अर्थ जुन्या पुस्तकांतल्या वापरावरून लावता येतो. उच्चार मात्र ज्यांच्या तोंडी शब्द रोज होता, त्यांच्याकडूनच घ्यावा लागतो. सॅम्युअल जॉन्सनने १७५५ च्या कोशात आघाताच्या खुणेपलीकडे उच्चार दिला नाही. जॉन वॉकरने १७९१ मध्ये उच्चारासाठी वेगळा कोशच केला.

जहाजावरचे शब्द घ्या. मध्ययुगात जहाजाच्या पुढच्या भागात तिरंदाजांसाठी किल्ल्यासारखा मजला उभारत. त्याचं नाव लिहितात 'फोरकॅसल', खलाशी म्हणतात 'फोक्सल'. 'बोटस्वेन' म्हणजे दोर, नांगर आणि डेकवरची माणसं सांभाळणारा, आपल्याकडच्या खलाशांचा सारंग. त्याला हाक मारतात 'बोसन'. होडीच्या बाजूची वरची कड लिहायची 'गनवेल', म्हणायची 'गनल'. हे उच्चार अशुद्ध नाहीत. काम करणाऱ्यांच्या जिभेवर झिजून ते घडले आणि तेच प्रमाण ठरले.

'व्हिटल्झ' म्हणजे शिधा. याची गोष्ट उलटी आहे. हा शब्द फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात 'सी' नव्हता. लॅटिन मूळ दिसावं म्हणून पंडितांनी तो मागाहून घातला, पण जिभेने तो कधी घेतलाच नाही. आपण 'हस्त' लिहून 'हात' वाचावं, तसं हे झालं. आरोप ठेवणे या अर्थाच्या 'इंडाइट'मधला 'सी'ही त्याच जातीचा.

बोलणारे सरले की स्पेलिंग उच्चाराचा ताबा घेतं. 'वेस्टकोट'चा जुना 'वेस्किट' असाच मागे पडला.

याचं टोक मला 'डॉर्ड'मध्ये दिसतं. वेबस्टरच्या मोठ्या कोशाच्या कचेरीत १९३१ साली रसायनशास्त्राच्या संपादकाने एक चिठ्ठी लिहिली: मोठा 'डी' किंवा छोटा 'डी', म्हणजे घनता. ती संक्षेपांच्या गठ्ठ्यात जायची, ती शब्दांच्या गठ्ठ्यात गेली. दोन 'डी' आणि मधलं 'ऑर' जोडून वाचलं गेलं. १९३४ च्या आवृत्तीत 'डॉर्ड' हे नाम छापून आलं, त्यापुढे भौतिकशास्त्र व रसायनशास्त्र अशी शाखा, 'घनता' हा अर्थ आणि उच्चारसुद्धा! जो शब्द कुणाच्याही तोंडी कधी नव्हता, त्याचा उच्चार नुसत्या अक्षरांवरून तयार झाला होता. १९३९ मध्ये एका संपादकाला या नोंदीत व्युत्पत्तीच नाही हे खटकलं, तेव्हा चूक उघडकीस आली.

म्हणून अनोळखी इंग्रजी शब्द उचलताना त्याची व्युत्पत्ती आणि वापराचं एखादं वाक्य आधी शोधा. तो कोणत्या धंद्यातल्या माणसांचा आहे हेही पाहा, आणि ती माणसं भेटली तर त्यांच्याकडून तो ऐकून घ्या.