हनुक्का नव्हता, म्हणून काय?

गोडादऱ्याच्या आमच्या बैठकीत बेने इस्रायलांचा, म्हणजे कोकणातल्या शनवार तेल्यांचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो: हे ज्यू लोक इथं आले कधी? अलिबागजवळ नवगावला जहाज फुटलं, सात पुरुष नि सात बायका वाचल्या, पोथ्या बुडाल्या, ही त्यांची परंपरा. त्यांच्यातलेच इतिहासकार हाईम केहीमकर आगमन इ.स.पू. १७५ च्या सुमाराचं धरतात. आधार काय, तर त्यांना हनुक्का हा सण ठाऊक नव्हता. तो सुरू झाला इ.स.पू. १६४ ला, म्हणजे हे त्याआधीच निघाले असणार!

मला हे पटत नाही. १९४७ पासून मृत समुद्राकाठी कुमरानच्या गुहांत पोथ्या सापडत गेल्या. बहुतेक अभ्यासक त्या एसीन या ज्यू पंथाच्या मानतात. त्यातल्या पुष्कळ इ.स.पू. १६४ नंतर लिहिलेल्या. तरी त्यांच्या पंचांगांत हनुक्का नाही, पुरीमही नाही. एस्तेरच्या पुस्तकाचा तर तुकडाही मिळालेला नाही. आणि ही मंडळी राहायची जेरुसलेमपासून जेमतेम दिवसभराच्या वाटेवर. रीडिंग शून्य आलं की आम्ही इंजिनिअर आधी मीटर तपासतो.

शनिवारी बंद राहणारा घाणा, सुंता, 'शेमा'ची प्रार्थना यांवरून ते ज्यू ठरतात. साल ठरत नाही. त्यांचा स्पष्ट लेखी उल्लेख मिळतो तो थेट १७३८ चा, सार्टोरियस या मिशनऱ्याच्या पत्रात.