फर्नांडा मॉन्टेनेग्रो : ब्राझीलच्या ज्येष्ठ अभिनेत्री

फर्नांडा मॉन्टेनेग्रो (जन्म : १६ ऑक्टोबर १९२९) या रंगभूमी, दूरचित्रवाणी आणि चित्रपट या तिन्ही माध्यमांत सात दशकांहून अधिक काळ काम केलेल्या ब्राझिलियन अभिनेत्री आहेत. सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेल्या त्या पहिल्या ब्राझिलियन कलावंत. हे नामांकन त्यांना पोर्तुगीज भाषेतील भूमिकेसाठी मिळाले, हे विशेष.

सुरुवातीचा काळ

त्यांचे मूळ नाव आर्लेट. रिओ दी जानेरोच्या उपनगरातील एका श्रमिक कुटुंबात त्या वाढल्या. वडिलांचे घराणे पोर्तुगीज, तर आईचे इटालियन वंशाचे होते. किशोरवयातच त्यांना रेडिओवर काम मिळाले. तिथे निवेदन आणि श्रुतिका करताना आवाज आणि उच्चार यांची तालीम झाली. ‘फर्नांडा मॉन्टेनेग्रो’ हे नाव त्यांनी याच क्षेत्रात वावरताना घेतले. १९५० मध्ये त्या रंगभूमीवर आल्या. पुढे अभिनेते-दिग्दर्शक फर्नांडो टोरेस यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

रंगभूमी आणि दूरचित्रवाणी

ब्राझीलमध्ये दूरचित्रवाणी नवीन असताना, १९५१ मध्ये, त्या रिओच्या तुपी वाहिनीवर दाखल झाल्या. तेव्हा नाटके थेट प्रक्षेपित होत. चूक झाली तरी ती पुसण्याची सोय नव्हती. १९५९ मध्ये त्यांनी पती आणि सहकाऱ्यांसह ‘तेआत्रो दोस सेते’ ही नाट्यसंस्था स्थापन केली. प्रसिद्ध नाटककार नेल्सन रॉड्रिग्ज यांनी त्यांच्या आग्रहावरून या संस्थेसाठी नाटक लिहिले. रॉड्रिग्ज यांच्याच नाटकावर आधारित ‘अ फालेसिदा’ (१९६५) हा त्यांचा पहिला चित्रपट. कामगारांच्या संपावरील ‘एलेस नाव उसाम ब्लॅक-टाय’ (१९८१) या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवात गौरवण्यात आले. घराघरांत त्या पोहोचल्या त्या ‘तेलेनोव्हेला’मुळे, म्हणजे रोज रात्री चालणाऱ्या दीर्घ मालिकांमुळे. ‘गेर्रा दोस सेक्सोस’ (१९८३) या विनोदी मालिकेत त्यांनी आणि पाउलो ऑट्रन यांनी न्याहारीच्या टेबलावर एकमेकांवर अन्न फेकण्याचा केलेला प्रसंग आजही आठवला जातो.

१९८५ मध्ये लष्करी राजवट संपल्यावर राष्ट्राध्यक्ष जुझे सार्नेय यांनी त्यांना संस्कृतिमंत्रिपद देऊ केले. त्यांनी ते नाकारले आणि अभिनय सुरूच ठेवला.

‘सेंट्रल दो ब्राझील’

वॉल्टर सालेस दिग्दर्शित या चित्रपटातील (१९९८) डोरा ही निवृत्त शिक्षिका रिओच्या रेल्वेस्थानकावर निरक्षर लोकांची पत्रे लिहून देते. पैसे घेते, पण सगळी पत्रे टाकतेच असे नाही. आई गमावलेल्या एका मुलाबरोबर प्रवास करताना तिचे मन हळूहळू पालटते. ही लबाड, थकलेली बाई मॉन्टेनेग्रो यांनी तिच्याविषयी सहानुभूती न मागता उभी केली. मुलाची भूमिका करणारा विनिसियस दी ऑलिव्हेरा त्याआधी विमानतळावर बूटपॉलिश करत असे. बर्लिन महोत्सवात चित्रपटाला सुवर्ण अस्वल आणि मॉन्टेनेग्रो यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे रौप्य अस्वल मिळाले. १९९९ चे ऑस्कर मात्र ‘शेक्सपिअर इन लव्ह’साठी ग्वेनेथ पॅल्ट्रो यांना मिळाले. जगाने दखल घेतली तेव्हा मॉन्टेनेग्रो सत्तरीच्या उंबरठ्यावर होत्या; त्यामागे रंगभूमीवरची जवळपास पन्नास वर्षे होती.

उत्तरार्ध

‘दोसे दी माय’मधील भूमिकेसाठी त्यांना २०१३ मध्ये आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळाला. २०२१ मध्ये त्यांची ब्राझिलियन साहित्य अकादमीवर निवड झाली. २०२४ च्या ‘आइंदा एस्तो आकी’मध्ये, पुन्हा सालेस यांच्याच दिग्दर्शनाखाली, त्यांची कन्या फर्नांडा टोरेस हिने लष्करी राजवटीत पती बेपत्ता झालेल्या युनिस पायव्हाची भूमिका केली. वृद्धापकाळी स्मृती हरवलेली युनिस मॉन्टेनेग्रो यांनी साकारली. ती एक शब्दही बोलत नाही; दूरचित्रवाणीवर पतीचे छायाचित्र दिसताच फक्त तिचे डोळे बदलतात. या भूमिकेने टोरेस यांनाही ऑस्करचे नामांकन मिळाले, तर चित्रपट २०२५ मध्ये सर्वोत्कृष्ट आंतरराष्ट्रीय चित्रपट ठरला. आईला हुकलेल्या ऑस्करनंतर सव्वीस वर्षांनी, पोर्तुगीज भाषेतील चित्रपटाने ब्राझीलला पहिले ऑस्कर मिळवून दिले.